पाट फुटायचा

विहीर कुठे होती हे दोघांनाही माहीत होतं, पण आधी बोट कुणी दाखवायचं हे ठरत नव्हतं.

"त्यांना विचारा," तान्हाबाई म्हणाल्या. "विहीर त्यांच्या रानात हाय."

बाजीनाना काठीवर दोन्ही हात ठेवून भलतीकडेच बघत होते. "दावा त्यांनी लावलाय. त्यांनाच दावू द्या."

दोघं एकमेकांना ऐकू जाईल इतकी जवळ उभी होती आणि दोघंही मलाच उद्देशून बोलत होती. मी मधे माती उपसायचा गिरमिट घेऊन उभी होते.

आम्ही होतो ते धरणाच्या पोटात. मे महिना संपत आला होता. पाणी मागे सरकत सरकत भिंतीच्या पायथ्याशी एका डबक्यापुरतं उरलं होतं आणि एरवी बुडालेलं मोरदरे गाव उघडं पडलं होतं. भेगाळलेला गाळ, त्याखाली बांधांच्या पुसट रेषा, देवळाचा चौथरा, बाभळींचे काळे खुंट. दूरवर कुणाची तरी म्हैस त्या गाळात चरायला काही मिळतं का ते बघत होती.

"बाजीराव," दबीर वकील म्हणाले, "बोट दाखवलंत म्हणून तुमचा मोबदला कुणी परत मागणार नाही."

दबीरांना कोर्टाने स्थळपाहणीसाठी कमिशनर नेमलं होतं. त्यांनी डोक्यावर ओला रुमाल टाकला होता आणि त्यावर टोपी. जमिनीतलं समजणारं कुणीतरी बरोबर न्या, असं न्यायाधीशांनी सुचवलं म्हणून त्यांनी आमच्या कॉलेजात विचारलं, आणि सरांनी मला पाठवलं. भूशास्त्रात एम.एस्सी. होऊन मला वर्षही झालं नव्हतं. कोर्टाच्या कामावर मी पहिल्यांदाच आले होते.

बाजीनानांनी शेवटी काठी उचलली. काठीच्या टोकाच्या दिशेने गेलो तेव्हा गाळात घडीव दगडांचं एक अर्धवर्तुळ दिसलं. विहीर गाळाने काठोकाठ भरली होती.

"हीच का?" दबीरांनी तान्हाबाईंना विचारलं.

"त्यांनी दावली म्हणजे हीच असणार," त्या म्हणाल्या.

प्रश्न तसा एका शब्दाचा होता. धरणासाठी जमीन घेतली तेव्हा तान्हाबाईंचं रान जिरायत धरलं गेलं, म्हणजे फक्त पावसावर पिकणारं. तान्हाबाईंचं म्हणणं, ते बागायत होतं, पाण्यावर भिजत होतं. दोन्हींच्या दरात दुपटीहून जास्त फरक. तो फरक मिळाला तर नव्या गावठाणाला लागून असलेली दोन एकर जमीन त्यांना घेता येणार होती. त्यांचा मुलगा ती गेली काही वर्षं वाट्याने कसत होता. मालकाला विकायची होती, दुसरं गिऱ्हाईक तयार होतं, तरी दिवाळीपर्यंत थांबतो म्हणाला होता.

आणि दावा जवळजवळ हरल्यात जमा होता. मोजणीच्या वेळी तान्हाबाईंचे नवरे गेनबा हयात होते. त्यांनी स्वतःच अधिकाऱ्यांना सांगितलं होतं की आमच्या रानाला पाणी नाही. शेजारचं रान आणि ही विहीर त्यांच्या चुलतभावाची, म्हणजे बाजीनानांची. त्यांनीही तेच सांगितलं होतं, मी पाणी देत नाही. त्यांचं रान बागायत धरलं गेलं, यांचं जिरायत. पुढे गेनबा वारले. तान्हाबाई कोर्टात उभ्या राहिल्या तेव्हा म्हणाल्या, रान भिजत होतं. पाणी कुठून यायचं, असं विचारल्यावर म्हणाल्या, देवाला ठाऊक. तेव्हा कोर्टात सगळे हसले होते म्हणे. हे मला सरकारी वकील कुमठेकर यांनी जीपमध्ये सांगितलं, आणि सांगताना तेही हसले.

"दोन शेजारी, एकमेकांचं तोंड न बघणारे, आणि दोघांची साक्ष एकच," ते म्हणाले होते. "आता मॅडम, तुमचा गिरमिट याहून वेगळं काय सांगणार?"

मला माहीत नव्हतं. मी भोकं पाडायला सुरुवात केली.

पाण्याने वाहून आणलेली माती आणि नांगराने उलथलेली माती यात फरक असतो. वाहून आलेली माती चाळणीतून काढल्यासारखी, एकेक थर एका जाडीचा. वरचा गाळ धरणाचा, तो सगळीकडे सारखाच पसरलेला. त्याच्या खाली जुनं रान. विहिरीपासून तान्हाबाईंच्या रानाकडे एक पाट जात होता हे पहिल्या काही भोकांतच कळलं. मी बरोबरच्या दोन मजुरांना तिथे उकरायला सांगितलं. पाटाच्या तोंडाशी दगड लागले. चुन्यात बसवलेले, नीट, एखादं दार लिंपून टाकावं तसे.

कुमठेकर वाकून बघत होते. "म्हणजे पाट बंद केलेला. धरणाच्या गाळाखाली आहे, म्हणजे धरणाच्या आधी. बरोबर ना मॅडम?"

"बरोबर," मी म्हणाले.

"दबीरसाहेब, हे टिपून घ्या."

दबीरांनी टिपून घेतलं. मी विचारलं, "कुणी बंद केला?"

"गेनबानं," बाजीनाना म्हणाले. "सोताच्या हातानं. चुना बी त्यानंच आणला."

"का?"

ते काठीने गाळाचा एक खपला उचकटत राहिले. मग म्हणाले, "आमच्या दोघांच्या बापांनी मिळून खांदलेली विहीर. वाटणीत माझ्या रानात आली. पर पाण्याच्या पाळ्या निम्म्या निम्म्या. चार दिस माझं, चार दिस त्याचं. लिवलेलं काय न्हाई. मग एका पावसाळ्यात कठडा ढासळला. म्या म्हणायचं त्यानं बांधावा, त्यानं म्हणायचं म्या. ह्यात पंधरवडा गेला आन् त्याचा बैल आत पडला."

"पाखऱ्या," तान्हाबाई मला म्हणाल्या. "नाव व्हतं त्याला."

"त्यांना सांगा, मला ठावं हाय नाव," बाजीनाना मलाच म्हणाले. "मी बी उतरलो व्हतो दोर बांधाय. न्हाई वाचला. गेनबा तसाच वल्ल्या अंगानं खंडोबाच्या देवळात गेला आन् बेल-भंडारा उचलला. म्हणला, ह्या हिरीचं पाणी घेईन तर माझा वंश बुडंल. मग मी तरी कशाला मागं राहतोय? मी बी उचलला. देईन तर माझा."

"सगळ्या गावासमोर?" दबीरांनी विचारलं.

"गावासमोरच उचलत्यात साहेब. घरात उचलून काय करायचं?"

म्हणून मोजणीला आलेल्या अधिकाऱ्यांना दोघांनी तेच सांगितलं होतं. एक म्हणाला घेत नाही, दुसरा म्हणाला देत नाही. त्या वेळी आजूबाजूला सगळं गाव उभं होतं.

कुमठेकरांनी घड्याळ बघितलं. "झालं तर मग. यापेक्षा स्वच्छ पुरावा मी पाहिलेला नाही."

झालं नव्हतं, कारण मला एक गोष्ट कळत नव्हती. पाट बंद, पाणी बंद, तर खालच्या रानात नुसती नांगरटीची माती हवी. तशी ती नव्हती. धरणाच्या गाळाखाली, नांगरटीच्या थरात, बारीक रेती आणि पोयटा मिसळलेला होता. मी रानभर भोकं पाडत गेले आणि तो थर कुठे जाड, कुठे पातळ ते कागदावर मांडत गेले. दबीर एका खुंटावर रुमालाचं टोक पसरून बसले. मजुरांनी तंबाखू मळली. तान्हाबाई माझ्यामागून चालत होत्या.

"काय शोधती पोरी?" त्यांनी विचारलं.

"पाणी कुठून यायचं ते."

त्यांनी पदराने तोंड पुसलं आणि चालत राहिल्या.

कागदावर आकार उमटला तो उघडलेल्या पंख्यासारखा होता. पंख्याची मूठ बंद केलेल्या पाटाकडे नव्हतीच. ती दोन रानांच्या मधल्या बांधावर होती, विहिरीपासून बरीच लांब. त्या बांधाच्या पलीकडून बाजीनानांचा स्वतःचा पाट जात होता. मी बांधाचा तेवढा तुकडा उभा कापून घेतला. बाकीचा बांध एकजीव होता, इथे नव्हता. ढेकळं, त्यावर गाळाचा पापुद्रा, पुन्हा ढेकळं, पुन्हा पापुद्रा. रुंदी फावड्याच्या दोन घावांएवढी. बांध इथे उघडला गेला होता आणि बुजवला गेला होता, अनेकदा.

मी दबीरांना हाक मारली. सगळे आले.

"धरणाच्या पाण्याने फुटला असेल," कुमठेकर म्हणाले.

"धरणाचा गाळ याच्या वरून सलग गेलाय. तो कुठेही तुटलेला नाही. म्हणजे हे आधीचं."

"मग हे काय आहे?" दबीरांनी बाजीनानांना विचारलं. "पाट तुमचा. बांध निम्मा तुमचा."

बाजीनानांनी कापलेल्या बांधाकडे बघितलं आणि मग आभाळाकडे. "पाट म्हणल्यावर फुटतोच की कधी. उंदरं बिळं करत्यात."

"एकाच जागी?" मी विचारलं.

"उंदराला जागेची सवय असती."

मजुरांपैकी एकाला हसू आलं. ते त्याने खोकल्यात घालवलं.

कुमठेकर मात्र गंभीर झाले होते. "उंदरांमुळे पाट फुटून पाणी गेलं, हे मला मान्य आहे. पण अपघाताने पाणी गेलं तर जमीन बागायत होत नाही. उद्या टाकी फुटून माझ्या अंगणात पाणी आलं तर मी काय बागायतदार? पाणी दिलेलं पाहिजे किंवा घेतलेलं पाहिजे. नियमाने, पिकासाठी." ते बाजीनानांकडे वळले. "तुम्ही दिलं?"

"न्हाई."

"आणि बाई, तुमच्या मालकांनी घेतलं?"

तान्हाबाई खाली बघत होत्या. आता त्यांनी हो म्हटलं तर गेनबांनी खंडोबाची शपथ मोडली असं होणार होतं, आणि नाही म्हटलं तर दोन एकर जाणार होते. त्या म्हणाल्या, "रान भिजत व्हतं."

"हे ऐकलं आम्ही. मागेच ऐकलं."

दबीरांनी माझ्याकडे बघितलं. "आणखी काही आहे का तुझं? नाहीतर निघू."

एक होतं. मी ते बोलायला धजत नव्हते, कारण त्याचा दाव्याशी काही संबंध असेल असं मला वाटत नव्हतं. बांध फुटून पाणी खालच्या रानात पडत असेल तर पडतं तिथे खड्डा व्हायला हवा. पुढच्या वेळी तो खड्डा मोठा होतो, मागे सरकतो आणि बांध खात जातो. इथे इतक्या वेळा पाणी पडलं, तरी बांध जागेवर होता. खड्डा कुठे आहे, एवढंच मला बघायचं होतं.

"थोडंसं उकरू," मी म्हणाले. "बांधाच्या या बाजूला. बाईंच्या रानात."

मजुराची कुदळ दोनदा मातीत गेली आणि तिसऱ्यांदा खणकन वाजली.

गाळ बाजूला केला तशी एक फरशी दिसू लागली. काळ्या कातळाची, लांबट, आडवी टाकलेली. पाणी पडेल नेमकं तिथे. तिच्या दोन्ही कडांना लहान दगडांच्या पाचरी मारल्या होत्या, हलू नये म्हणून.

कुमठेकरांनी वाकून एक पाचर हलवून बघितली. मग म्हणाले, "उंदीर बरेच हुशार दिसतात."

"हा दगड तुम्ही बसवलात?" दबीरांनी बाजीनानांना विचारलं.

"न्हाई," बाजीनाना म्हणाले. मघाचं 'न्हाई' आणि हे 'न्हाई' वेगळं होतं. ते पुढे आले, काठी टाकून दिली आणि बांधाच्या कडेला गुडघ्यावर बसले. त्यांनी पाचरी बोटांनी चाचपल्या. "मी न्हाई बसवला. मला ठावंच न्हाई ह्यो. मी कधी बांधाच्या ह्या अंगाला उतरलोच न्हाई."

मी फरशी ओल्या फडक्याने पुसली. वरची बाजू गुळगुळीत होती, मधोमध किंचित खोलगट. मला ते पटेना. बसाल्ट इतका मऊ नसतो. काही वर्षं पाटाचं पाणी पडून तो असा झिजत नाही.

"ही पाण्याने झिजलेली नाही," मी दबीरांना म्हणाले. "ही इथे येण्याआधी दुसऱ्या कशासाठी तरी वापरात होती. रोजच्या कामाला. बरीच वर्षं."

तान्हाबाई तोवर मागे उभ्या होत्या. त्या पुढे आल्या, वाकल्या आणि फरशीच्या एका कोपऱ्यावर हात ठेवला. तो कोपरा उडालेला होता.

"माझा धुण्याचा दगड," त्या म्हणाल्या.

उडालेल्या कडेवरून त्यांनी अंगठा फिरवला. मग त्या पुढे बोलल्या.

"न्हाणीपाशी असायचा. ह्यो कोपरा माझ्याच हातनं उडला, कोयता घासताना. एक दिस सकाळी उठले तर दगड न्हाई. ह्यांना इचारलं, तर म्हणाले, नेला आसंल कुणी. एवढा जड दगड कोण नेतंय? मी सगळं गाव पालथं घातलं. सरूवर आळ घेतला. म्हणलं, तिच्याच न्हाणीत आसंल."

सरू म्हणजे बाजीनानांची बायको, तीही आता नव्हती. बाजीनाना गुडघ्यावरच बसून होते. आणि पहिल्यांदा ते थेट तान्हाबाईंशी बोलले.

"दारात येऊन भांडला व्हता वैनी तुमी. मरंस्तवर सरू म्हणायची, माझ्याकडं न्हाई वैनींचा दगड."

"म्हणायची का?"

"म्हणायची."

तान्हाबाईंनी मान हलवली. फरशीवरून त्यांचा हात निघाला नव्हता.

"मला वाटायचं, त्याला कळतच न्हाई," बाजीनाना म्हणाले. "गेनबाला. सकाळी रान वल्लं दिसायचं आन् त्यो गप. येका शब्दानं न्हाई कधी. वाटंत भेटला तरी मान फिरवून जायाचा. मी म्हणायचो, ह्याला वाटत आसंल दव पडलं."

"त्यास्नी सगळं कळायचं," तान्हाबाई म्हणाल्या. "तुमची हिरीवरची मोटार रातीची सुरू झाली की उठून बसायचे. दाराला कान लावून. पाणी आलं म्हणजे झोपायचे."

"आन् दगड?"

"त्यो न्हाई मला सांगितला."

बाजीनाना उठले. मी त्यांना हात दिला. त्यांनी तो धरला, उभे राहिले आणि दबीरांकडे वळले. "साहेब, लिवा."

दबीरांनी कागद पॅडवर लावला.

"मी, बाजी रखमाजी येवले. मी गेनबाला पाणी दिलं न्हाई. गेनबानं माझ्याकडनं पाणी घेतलं न्हाई. दोघांची शपथ दोघांनी पाळली. लिवलं?"

"लिहिलं."

"पर पाट फुटायचा."

"केव्हा फुटायचा?"

"त्याची पाळी आली की."

दबीर लिहायचे थांबले. "म्हणजे चार दिवस तुमचे आणि चार दिवस—"

"चार दिस फुटायचा. पाचव्या दिशी बुजायचा. गव्हाला, हरभऱ्याला, कांद्याला. जवापास्नं शपथ घेतली तवापास्नं, गाव उठंस्तवर."

"आपोआप?" कुमठेकरांनी विचारलं. त्यांच्या आवाजात आता थट्टा नव्हती.

बाजीनानांनी त्यांच्याकडे बघितलं. "तुमाला जसं लिवायचं तसं लिवा. मी म्हणतो, फुटायचा."

दबीरांनी तसंच लिहिलं. त्याखाली मी माझ्या नोंदी जोडल्या: पंखा, बांधाचे पापुद्रे, फरशी, पाचरी. दगड कुठून आला हे तान्हाबाईंच्या शब्दांत.

पुढे निकाल लागला तो काही महिन्यांनी, दबीरांच्या फोनवरून कळला. कुमठेकरांनी युक्तिवाद केला होता की विहिरीवर हक्क नव्हता, आणि हक्काशिवाय आलेलं पाणी धरता येत नाही. कोर्टाने म्हटलं, पाणी कसं आलं हा दोन घरांमधला प्रश्न आहे. रान पाळीने भिजत होतं आणि भिजवलेलं होतं, एवढं पुरे आहे. पूर्ण बागायत नाही, हंगामी बागायत धरलं. त्यामुळे पैसेही मधलेच मिळाले. दोन एकर झाले नाहीत, सव्वा एकर झाला. मालकाने उरलेलं त्या दुसऱ्या गिऱ्हाईकाला विकलं.

त्या दुपारचं एक सांगायचं राहिलं.

पंचनामा झाल्यावर मी फोटो काढले, मजुरांनी सामान जीपकडे नेलं. तान्हाबाई मात्र तिथेच उभ्या होत्या. त्यांनी दबीरांना विचारलं, "आता हा दगड न्यायला चालतोय का मला?"

"फोटो झालेत. मोजमापं झालीत. न्या," दबीर म्हणाले.

त्या वाकून एक पाचर काढायला लागल्या. बाजीनानांनी काठीने हलकेच त्यांना अडवलं. पंधरा-वीस दिवसांत पाऊस लागणार होता आणि श्रावणापर्यंत त्या बांधावर तीन पुरुष पाणी चढणार होतं. हे त्यांना माझ्याहून चांगलं ठाऊक होतं.

"राहू दे वैनी," ते म्हणाले. "काढला तर बांध खचंल."

तान्हाबाईंनी पाचर पुन्हा होती तशी ठोकून बसवली.